शालूताईंच्या डोक्यावरचा पदर

शालूताई गेल्याचा फोन आला, तेव्हा मी दुकानात त्यांच्याच घरासाठी चहापत्ती घेत होते. रविवार होता, दुपारी वर्ध्याच्या नालवाडीला त्यांच्याकडे आमचा सिनेमा होता. आधी सिनेमाला येणाऱ्या बायकांना कळवलं, मग आर्वीला त्यांच्या दिरांना. रडायचं त्यानंतर आठवलं...

तेरवीला आर्वीत गेलो, तर हार घातलेल्या फोटोत शालूताईंच्या डोक्यावर पदर! फोटो मीच काढलेला. त्यात डोकं उघडं होतं.

"भाऊ, हा पदर कुठून आला?" मी दिरांना विचारलं.

"स्टुडिओवाल्यानं टाकला. बरं दिसते."

"कोणाले?"

"लोकायले."

वर भाषण, "वहिनीनं कधी मान वर केली नाई." माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. नवरा वारल्यावर ह्याच घराची मागची खोली नाकारून ही बाई एकटी वर्ध्याला आली, शाळेत नोकरी धरली. निवृत्त झाल्यावर दर रविवारी आम्हाला जुने जपानी सिनेमे दाखवायला लागली. खालची इंग्रजी अक्षरं वाचून त्या वऱ्हाडीत सांगायच्या. किमोनोतली सून सासूपुढे वाकली, की म्हणायच्या, "पाह्यजो, आता उठते ते." एकदा अशीच एक घर सोडून निघाली, तेव्हा शेजारची प्रमिला फणकारली, "मले नाई पटलं."

"नको पटू दे. तिनं तुले इचारलं काय?"

जपानी नवरीचं डोकं लग्नात पांढऱ्या कापडानं झाकलेलं असतं. एका सिनेमातली नवरी भर लग्नात ते स्वतःच्या हातानं उतरवते आणि चालू लागते. शालूताई तिथं चित्र थांबवायच्याच. "एवढं कराले मले किती वर्षं लागले, मालूम हाय?"

आणि तोच पदर ह्यांनी बसल्या जागी परत टाकला! बाई आता नाही म्हणायला उठणार नाही, एवढाच काय तो ह्यांचा पराक्रम.

मूळ फोटो मोठा करून मी नालवाडीच्या खोलीत लावला. हार घातला नाही. परवाच्या रविवारी तोच सिनेमा लावला. रिमोट माझ्याकडे होता. थांबवायच्या बटणावरची खूण शालूताईंच्या अंगठ्यानं पार पुसली गेली आहे. नवरीचा हात डोक्याकडे गेला... मी नुसती बघत राहिले.

"थांबव न वो," मागून प्रमिला म्हणाली. "मले तिचं तोंड नीट पाहू दे."