आबांची शिक्षा

शिक्षेशिवाय जगात काही सुधारत नाही असं मानणारा माणूस मी एकच पाहिला, आणि शिक्षा देताना त्याच्याइतका कळवळणाराही दुसरा पाहिला नाही. खापर गावाजवळच्या आमच्या खेड्यातले हे शेजारचे आबा. चप्पल चावली की तिला आठवडाभर निंबाला टांगायचे आणि स्वतः उन्हात अनवाणी फिरायचे. काकू कावायच्या, "शिक्षा चप्पलले, नि पाय तुमना भाजतस!" चोच मारणाऱ्या कोंबड्याला टोपलीखाली कोंडलं की त्याला सोबत म्हणून शेजारी बसून राहायचे. मी आठवीत शाळा सोडली तेव्हा सगळे टाकून बोलले. कामासाठी गाव सोडून निघालो तेव्हा आबा तेवढे एसटीपर्यंत आले. "याले आते काय शिक्षा? घर सोडी ऱ्हायना ना तो," म्हणाले. ते मी विसरलो नाही.

पुढे त्यांच्या मुलाने, मी त्याला दादा म्हणतो, बाजार करून पायी डोंगराकडे निघालेल्या एका माणसाला जीपने उडवलं. माणूस जागीच गेला. जीपमध्ये शेजारी आबाच होते. गाव म्हणाला, ब्रेक फेल झाले म्हणा, पोरगा वाचेल. आबा कोर्टात म्हणाले, "ब्रेक चांगला व्हतात. मन्हा पोऱ्या पेयेल व्हता." बाहेर भावकीने घेरलं, "याले जेलमा टाकीसन मरेल माणूस उठी का?"

"नही उठाव. पण हाऊ जित्ता शे ना, याले माणूस करना शे."

दादा तुरुंगात गेला तसे आबा घरात उघड्या जमिनीवर निजायला लागले. गोड बंद, दिवाळीलाही. पारावरचे थट्टा करायचे, "आबा, तुमले कितला वर्सं लागनात?" आबा हसायचे नाहीत.

दादा सुटला तो घरी न जाता इकडे चाकणला माझ्या खोलीवर आला. मी काम करतो त्याच कारखान्यात लागलाय. दारूला शिवत नाही. बापाचं नाव निघालं की ताट सोडून उठतो. मला धास्ती, एक दिवस खोलीच सोडून जाईल.

काल जेवताना आबांचा फोन आला. दादा समोरच. मी भीत भीत स्पीकर लावला.

"पेस का तो?"

"नही, आबा."

"झोपस ना?"

"झोपस."

मग आबा म्हणाले, "त्यानी शिक्षा संपनी, भाऊ. मन्ही कव्हय संपी, तितलं इचार त्याले."

दादाने मान वर केली नाही. फोनही घेतला नाही. पण उठला नाही. पलीकडे आबा थांबले होते, मागे काकूंच्या भांड्यांचा आवाज येत होता, आणि आम्ही दोघं हातातला घास तसाच धरून तो ऐकत बसलो.