जीपमधून नेलेली चांगली बातमी

ती म्हैस मला आजही आठवते. कोल्हापूरजवळच्या एका गावात गोठ्यात नुसतं दावं उरलं होतं आणि मालक तणतणत ठाण्यात आला होता.

"साहेब, माझ्याकडं सुधारगृहातनं सुटलेलं एक पोरगं कामाला हाय. त्यालाच धरा की!"

पोरगा बावीस वर्षांचा. सोळाव्या वर्षी मारामारीत त्याच्या हातून एक जण गेला. तीन वर्षं आत काढून आला, तर घरच्यांनी दारात उभं केलं नाही. तेव्हापासून तो या गोठ्यातच राबायचा, तिथंच झोपायचा.

ठाण्यात येताच त्यानं चपला काढल्या आणि न सांगता भिंतीकडेला उकिडवा बसला. मी काही विचारायच्या आधीच म्हणाला, "मीच नेली, साहेब."

मी खूश! जबाब घ्यायला बसलो. कुठं विकलीस? टेम्पो कुणाचा?

"तुमीच सांगा काय ल्ह्यायचं. मी सही करतो. लवकर व्हय म्हटलं की मार कमी बसतोय," तो म्हणाला. मग हळूच, "पर तिला कुणीतरी पाणी दावा म्हणावं. परक्याच्या हातनं पीत न्हाय ती."

माझा पेन थांबला. चोर असली काळजी करत नाही. संध्याकाळी त्याला सोडला आणि तपास मालकाच्या घराकडे वळवला. चार दिवसांत म्हैस सीमेपलीकडच्या बाजारात सापडली. विकणारा मालकाचा सख्खा मेहुणा निघाला.

मालकानं म्हैस नेली, पोराला मात्र परत घेतलं नाही. "गावात चर्चा झालीया, साहेब."

पुढे तो इचलकरंजीत यंत्रमागाच्या कारखान्यात कामाला लागल्याचं कळलं. मेहुण्यावर दोषारोपपत्र दाखल झालं, त्या दिवशी मला राहवेना. वर्दीतच जीप काढली, थेट कारखान्यात शिरलो आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवून ओरडून सांगितलं, "तुझ्यावरचा आळ गेला रे, बाळा!"

मागांच्या खडखडाटात माझे शब्द त्याच्याशिवाय कुणाला ऐकू गेले नाहीत. सगळ्यांना दिसली ती वर्दी. त्याचा चेहरा पांढराफटक पडला.

"साहेब, हितं कुणाला ठावं नव्हतं."

आठवड्यानं चौकशी केली, तर मुकादम म्हणाला, "त्याला काढला की. पोलीस आलतं न्हवं त्याच्यासाठी?"

मी तिथंच मान खाली घातली. गुन्हेगार ओळखण्यात आयुष्य गेलं, पण माझी वर्दी दुसऱ्याच्या दारात काय करते, हे मला त्या दिवशी समजलं. पुढे निवृत्त होईपर्यंत अशा मुलांना भेटायला मी साध्या कपड्यांत, एसटीनं गेलो.

तो कुठं गेला, कळलं नाही. शोधायला माणूस पाठवावा असं फार वाटायचं. पण माझ्याकडे पाठवायला होते ते पोलीसच.