डाव्या बटणावरची टेप

पत्र्याचे पार्ट ठोकणाऱ्या आमच्या प्रेसशॉपमधला मेंटेनन्सवाला मशीन उघडायच्या आधी ऐकतो. स्क्रूड्रायव्हरचं टोक बेअरिंगवर टेकवतो, मूठ कानाला लावतो आणि डोळे मिटतो. मग मला, लाइनच्या सुपरवायझरला, म्हणतो, "दुखतंय हिला, साहेब." माणसांशी बोलताना मात्र निम्मं वाक्य गिळतो.

दोन वर्षं दर गुरुवारच्या सुट्टीत, चाकणच्या एका बंद शेडमध्ये, त्याने मोबाइलवर भुताचा सिनेमा काढला. एकदा तिथल्या जुन्या प्रेससमोर मलाही बोलावलं.

"तुमचा निस्ता हात पायजे. समजा टार्गेट ऱ्हायलंय, शिफ्ट संपत आलीय. रोज करता तसं..."

हात आत राहू नयेत म्हणून प्रेसला दोन बटणं असतात, दोन्ही हातांनी एकदम दाबायची. मी खिशातली टेप काढली आणि डावं बटण दाबून चिकटवून टाकलं. एक हात मोकळा, माल पटापट. तेव्हा मला त्यात काहीच वाटलं नाही.

पहिला खेळ ताथवड्याच्या एका हॉलमध्ये झाला. बघायला आमचेच कामगार. पांढऱ्या साडीतली बाई आली तेव्हा सगळे खिदळले. मग पडदाभर माझा हात आला, टेप आली, आणि हॉल चिडीचूप झाला. माझ्या पुढच्या रांगेतल्या ऑपरेटरने आपला डावा हात हळूच खिशात घातला. त्याची तीन बोटं माझ्याच लाइनवर गेली होती. रिपोर्टात मी 'ऑपरेटरची चूक' लिहिलं होतं.

मेंटेनन्सवाला पडद्याकडे बघतच नव्हता. दाराशी उभा राहून, डोळे मिटून, तो हॉल ऐकत होता.