हमदमआकांची करनाय

उझबेकिस्तानातल्या मर्गिलानमध्ये हमदमआकांनी कीबोर्ड वाजवला नाही असं लग्नघर शोधून काढावं लागेल. आता कंबर गेली, उभं राहवत नाही. म्हणून ते घरात बसून इतर वादकांना गाण्यांची साथ तयार करून देतात. साधन काय, तर जुना लॅपटॉप आणि त्यात घातलेलं एक स्वस्तातलं सॉफ्टवेअर. खऱ्या वाद्यांचा एकेक सूर त्यात आधीच भरून ठेवलेला, कळ दाबली की वाजतो. दुतार, डफ, सनई, म्हणाल ते. लोक म्हणतात स्वस्त आणि मस्त. आकांना त्यात मस्त काही वाटत नाही, नुसती पाठ धरते.

त्यात करनायही होती, पण ती त्यांनी कानाला हेडफोन लावल्याशिवाय कधी वाजवली नाही. पुरुषभर लांबीची ती पितळी तुतारी गल्लीत घुमली की लग्न कुणाकडे हे विचारावं लागत नाही, लोक आपणहून निघतात. आपल्या दारात ती वाजायची तर लेकीच्या, झुमरदच्या लग्नात, आणि वाजवणारी माणसं हाडामासाची, दमदार छातीची असतील, असं आकांनी मनाशी धरलं होतं. पण झुमरदचं दोनदा जमलं आणि दोनदा मोडलं. आता ती मशीनवर वाकून दुसऱ्यांच्या पोरींचे लग्नाचे कपडे शिवते आणि बाप दुसऱ्यांच्या लग्नाची गाणी जुळवतो. नशीब थट्टा करतं ती अशी.

त्या दुपारी हेडफोन बिघडला. काम तर संध्याकाळपर्यंत द्यायचं होतं. आका इतके शिणले होते की खिडकी उघडी आहे हेही ध्यानात राहिलं नाही. त्यांनी लॅपटॉप लग्नातल्या जुन्या स्पीकरला जोडला आणि करनायची कळ दाबली.

जरा वेळाने दार वाजलं. समोरच्या सल्तनतहोला, साऱ्या गल्लीच्या मावशी, रुमालात नान बांधून उभ्या, मागे गल्लीतल्या बायका.

"काय गं झुमरद, आम्हाला करनाय ऐकून कळायचं होय? एवढं गुपचूप? नवरा कुठला, ते तरी सांग."

"लॅपटॉपातला, होला," झुमरद म्हणाली. "बाबा आवाज तपासताहेत."

हसावं की काय करावं, कुणाला कळेना. होलांनी रुमाल मागे घेतला नाही. आणलेली नान कुणी परत नेत नाही. बायका अंगणातल्या चौथऱ्यावर टेकल्या आणि झुमरदने चहा ठेवला.

मग ती आत आली. आका डोकं धरून बसले होते.

"चुकलं पोरी. फार दमलो होतो."

"मीही दमलेय, बाबा. आता पुन्हा कुणी बघायला यायला नको आणि मोडायला नको. माणसं आलीत, नान आलीय, चहा उकळतोय. माझं लग्न म्हणाल तर एवढंच. वाजवा."

करनायला चार जणांची छाती लागते, इथं एक बोट पुरतं. आकांना तेही उचलवेना. शेवटी झुमरदनेच कळ दाबली.