रामसिंग आड्यांचा मुका पट्टा

वारंगा फाट्यावर कुणाची गाडी कुरकुरू लागली की लोक आधी जळबा मिस्त्रीकडे जात नसत. जळबाकडे पाने होते, जॅक होता, अंगात तेलानं काळं पडलेलं बनियन होतं. मिस्त्रीपणाचं सगळं सामान होतं. फक्त कान नव्हता. कान रामसिंग आडेकडे होता.

रामसिंग म्हणजे फाट्याजवळच्या तांड्यावरचा काळी-पिवळीवाला. उंच, पन्नाशीचा, आणि मिशा अशा की समोरून आलेल्या ट्रकनं आधी लाइट कमी करावा. चहाच्या टपरीवर तो मुद्दाम रस्त्याकडे पाठ करून बसायचा. मागून एखादी जीप गेली की बशीतला चहा न सांडता निकाल द्यायचा, "डाव्या चाकाचं बेरिंग गेलं. जवळा बाजारापर्यंत पोचत न्हाई हे."

जीप बहुतेक वेळा पोचायची. पण परत येताना कुठे ना कुठे बंद पडायचीच, त्यामुळे रामसिंगचं नाव कधी खाली आलं नाही. नव्वद सालानंतरच्या आमच्याकडच्या जीपा आणि आमच्याकडचे रस्ते हे जणू रामसिंगची अब्रू राखण्यासाठीच बांधलेले होते.

कानाच्या खालोखाल त्याचं तेल. खिशात कायम तेलाची छोटी कुप्पी. टपरीच्या दाराची बिजागरी, शिंप्याचं मशीन, किराणा दुकानातला तराजू, जे हलतं त्याला रामसिंग न विचारता तेल पाजायचा. तराजूला पाजल्यावर दुकानदारानं त्याला महिनाभर दुकानात येऊ दिलं नव्हतं. जळबा म्हणायचा, "मामा, माझ्या सासूच्या जिभेला थोडं लावता का?"

"काहून? आधीच पळून राहिली की ती. तेल लावल्यावर तुला सापडंल का?"

हे तेलाचं वेड बंजारा तांड्याचं. रामसिंगचे आजे-पणजे बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलूखभर हिंडायचे. गोणी बांधायच्या चामड्याच्या वाद्या सुकल्या तर चिरतात, आणि वादी घाटात तुटली तर बैल, मीठ आणि अब्रू तिन्ही दरीत. म्हणून दर अमावास्येला वाद्यांना करडईचं तेल चोळायचं. पुढे रेल्वे आली, मोटारी आल्या, बैल गेले, गोण्या गेल्या. रामसिंगच्या खुंटीवर मात्र दोन वाद्या अजून लटकत होत्या, आणि ज्यांना जगात काही काम उरलेलं नव्हतं त्या वाद्यांना दर अमावास्येला तेल मिळत होतं. आमच्याकडच्या कित्येक निवृत्त माणसांचं एवढं कुणी करत नाही.

त्याच्या काळी-पिवळीच्या इंजिनात टायमिंगची चेन होती. ज्यांना गाडीतलं फक्त सीट कळतं त्यांच्यासाठी सांगतो. इंजिनात खाली दट्टे वर-खाली होतात आणि वर झडपा उघडतात, मिटतात. दोघांचा ताल जुळला पाहिजे. दट्ट्यानं वर यायच्या वेळी झडप उघडी राहिली तर दोघांची टक्कर. हा ताल धरून ठेवायला काही गाड्यांत लोखंडी चेन असते, काहींत रबरी पट्टा. चेन इंजिनाच्या पोटात तेल पीत फिरते, वर्षानुवर्षं टिकते, आणि सैल पडली की खळखळ करून गावभर सांगते. रामसिंगला ती आवडायची ती त्यामुळेच. "बाई भांडकुदळ हाय," तो म्हणायचा, "पण सांगितल्याबिगर माहेरी जात न्हाई."

त्याची स्वतःची बाई, भिकाबाई, ही जगातल्या सगळ्या गोष्टींबद्दल बोलायची. सुनेची भाकरी, शेजारणीची म्हैस, सरपंचाचा फेटा, काही सुटायचं नाही. फक्त स्वतःच्या दुखण्याबद्दल तिला बोलता येत नसे. तिच्या पायात चांदीचे जाड वाळे होते. ती चालली की ते वाजत, आणि रामसिंगला अंगणातून कळे की बायको चुलीपाशी आहे की गोठ्यात. एका साली ते वाजायचे थांबले. रामसिंगला वाटलं, वय झालं, बाई जरा हळू चालायला लागली. खरं म्हणजे पाय सुजले होते आणि वाळे मांसात रुतून बसले होते. घेरदार घागऱ्याखाली कुणाला दिसलं नाही. दिसलं तेव्हा नांदेडच्या डॉक्टरनं सांगितलं, दोन्ही किडन्या गेल्या. आठवड्यातून दोनदा मशीनवर रक्त धुवायचं, जगायचं असेल तोवर.

फाटाभर गाड्यांचं दुखणं ओळखणारा माणूस दवाखान्याच्या पायरीवर बसला. सोबत आलेल्या जळबाला एवढंच म्हणाला, "वाजायचं बंद झालं तवाच कळायला पायजे हुतं रे."

जुनी गाडी नांदेडपर्यंत भिकाबाईला दाण्यासारखी पाखडायची. येताना तिच्या अंगात उभं राहायचं त्राण नसे. म्हणून रामसिंगनं काळी-पिवळी विकली आणि मऊ बसणारी, जुनीच पण चांगली, डिझेलची मोटार घेतली. हे दोन हजार तीनच्या दिवाळीतलं. जळबानं बॉनेट उघडलं आणि इंजिनाच्या पुढचं प्लॅस्टिकचं झाकण ठोकून म्हणाला, "मामा, ह्याच्यात चेन न्हाई. पट्टा हाय. रबराचा."

"रबराचा? चपलीच्या पट्ट्यासारखा?"

"तसाच समजा. पण दातेरी. हलका, आवाज न्हाई, मामीला झोप लागंल. फक्त ठरलेलं अंतर झालं की बदलायचा. हा आत्ताच बदललेला हाय, लई दिवस चिंता न्हाई."

"आन् तुटायला आला तर? वाजतो कसा?"

"वाजत न्हाई. पट्टा काय बोलतो का? तुटला की तुटला. झडपा वाकल्या, इंजिन खल्लास. हात लावू नका म्हंजे झालं."

जळबा सहज बोलून गेला आणि पुढच्या ट्रॅक्टरखाली शिरला. पण रामसिंगची झोप त्या दिवसापासून गेली. बायको मागच्या सीटवर, आणि तिचा जीव न बोलणाऱ्या एका पट्ट्यावर. चालवताना तो खिडक्या बंद करायचा, रेडिओ बंद करायचा, भिकाबाईला गप्प बसवायचा. ती म्हणायची, "रगत धुवायला नेऊन राहिले का मातीला? तोंड तर बघा स्वतःचं." रामसिंग कान लावून ऐकायचा. इंजिन मांजरासारखं घुरघुरत असायचं. सगळं उत्तम चाललेलं ऐकून त्याच्या तळहातांना घाम यायचा.

शेवटी एकदा सकाळी त्यानं झाकणाचे खटके काढले आणि पट्टा बघितला. पट्टा काळा होता, दातेरी होता, आणि कोरडाठाक होता. एवढ्या गरम इंजिनाला चिकटून, दिवसभर पळणारा, आणि तेलाचा एक थेंब नाही! रामसिंगला जळबाची कीवच आली. शिकलेलं पोरगं, पण वाद्या कधी वागवलेल्या नाहीत. त्यानं घरात जाऊन करडईच्या तेलाचा डबा आणला, स्वच्छ फडकं बुडवलं आणि पट्ट्याला चोळलं. हातानं इंजिन फिरवत, इंच इंच, तान्ह्या लेकराला चोळावं तसं. पट्टा चमकायला लागला, बोटाला मऊ लागायला लागला. कितीतरी दिवसांनी रामसिंगला बरं वाटलं. मग प्रत्येक फेरीच्या सकाळी तो हे करू लागला. जळबाला सांगितलं नाही. सांगायचं काय, वाहनाला तेल लावणं ही काय बातमी आहे? आणि रबराला तेल चालत नाही, त्यानं ते फुगतं आणि कुजतं, हे जळबाला सांगावंसं वाटलं नव्हतं, कारण पट्ट्याला तेल पाजणारा माणूस त्यानं आयुष्यात पाहिला नव्हता.

होळी आली. तांड्यावरची होळी एका दिवसात आटपत नाही, आणि त्या साली नातवाचा धुंड होता. नव्या बाळाचा तो होळीतला मोठा मान. भिकाबाई अडून बसली. "आजी मशीनवर आन् नातू मांडवात, आसं व्हायचं न्हाई." एक फेरी चुकली. डॉक्टरनं तिला दिवसाला मोजून दोन वाट्या पाणी सांगितलं होतं, पण उन्हात नाचणाऱ्या बायकांना पाहून ती किती प्याली कोण जाणे. होळी संपली तेव्हा तिला आडवं होता येत नव्हतं. आडवी झाली की छातीत पाणी चढायचं, बसूनच श्वास घ्यायचा. रामसिंगनं घाईघाईनं पट्ट्याला तेल लावलं, जरा जास्तच लावलं, आणि निघाला.

अर्धापूरच्या अलीकडे, चांगल्या रस्त्यावर, गाडी बंद झाली. धाड नाही, खळखळ नाही. पुढून 'फट' असा, कुणी उशी झटकावी तेवढा आवाज, आणि चाकं आपोआप मंदावत कडेला आली. रामसिंगनं सेल मारला. इंजिन फिरलं, पण हलकं, पोकळ. जात्यात दाणा नसताना जातं फिरावं तसं. तो आवाज त्याच्या कानानं बरोबर ओळखला.

त्यानं झाकण काढलं. पट्टा तुटून लोंबत होता. दाते बोटाला लागताच गळून पडले, चहात भिजलेल्या खारीसारखे. हाताला करडईचा वास आला. मग त्याला कुणी काही सांगायची गरज उरली नाही.

"काय... झालं?" मागून भिकाबाई. दोन शब्दांमध्ये दोन श्वास.

"काय न्हाई. बस तू सरळ. बोलू नको."

तो रस्त्याच्या मधोमध उभा राहिला. एसटी आली, दाराला लोंबणाऱ्या माणसांसकट भरलेली, निघून गेली. एक पांढरी गाडी आली, रामसिंगच्या मिशा आणि काळे हात पाहून तिनं वेग वाढवला. भिकाबाईचे ओठ निळसर दिसू लागले होते. एवढा मोठा माणूस मोटारीभोवती गोल गोल फिरत होता, डोळ्यांतलं पाणी मिशांवरून गळत होतं, आणि फडक्यानं, त्याच तेलकट फडक्यानं, पुसत होता. म्हणून तोंडही चमकत होतं.

मग केळीचा टेम्पो आला. चालवणारा सोनाजी, फाट्यावरच्या चहाचंच गिऱ्हाईक. थांबवून खिडकीतून ओरडला, "काय मामा! माझ्या गाडीची किडनी दुरून ऐकू येती, आन् स्वतःची गाडी..." तेवढ्यात त्याला मागची सीट दिसली आणि पुढचं वाक्य त्यानं गिळलं. "उचला. आधी मामीला उचला."

केबिनमधले दोन हमाल खाली उतरले, भिकाबाईला टेकू देऊन बसवलं. रामसिंग मागे चढला.

"मामा, घडावर बसू नका, मऊ पडतील!"

"न्हाई बसत."

"उभं राहिलात तर झाडाची फांदी लागंल!"

"लागू दे."

शेवटी तो घडांच्या मधोमध, गुडघे हनुवटीला लावून, केळीत केळं होऊन बसला. त्या टेम्पोचं सगळं वाजत होतं: फाळका, स्प्रिंगा, सायलेन्सर, हॉर्न सोडून सगळं. रामसिंगला एरवी हे ऐकून शिव्या सुचल्या असत्या. त्या दिवशी तो प्रत्येक खडखडाटाला हात जोडत होता. वाजतंय म्हणजे चालतंय.

दवाखान्यात पोचले तेव्हा भिकाबाईचा नंबर गेलेला होता. सिस्टर म्हणाली, "होळी खेळून आलात ना? आता खेळा." पण म्हणता म्हणताच तिनं भिकाबाईचं मनगट धरलं, तोंड बघितलं, आणि धावत आत गेली. ऑक्सिजन लावला. मशीन रिकामं व्हायला वेळ होता. तोवर रामसिंग पलंगापाशी उभा राहून तिचा श्वास ऐकत होता. घरघर, मग थांबणं, मग घरघर. थांबणं लांबलं की हा स्वतःचा श्वास धरायचा. त्या दुपारी त्याचा तो कान कुणी फुकट मागितला असता तर त्यानं देऊन टाकला असता.

दुपार उतरताना मशीन मिळालं. नळ्यांतून लाल रक्त फिरायला लागलं. रामसिंगनं मशीनवाल्या पोरीला, ऐश्वर्या तिचं नाव, हळूच विचारलं, "ताई, ह्याच्यात चेन हाय का पट्टा?"

"काय?"

"बिघडायच्या आधी वाजतं का हे?"

"वाजतं की. अलार्म आहे."

तेवढ्यात ते वाजलंच. रामसिंग भिंतीला जाऊन आदळला. ऐश्वर्यानं भिकाबाईचा दुमडलेला हात सरळ केला, आवाज थांबला. "नळी मुडपली होती, काका. बसा."

तो बसला. घरघर हळूहळू कमी झाली. संध्याकाळच्या सुमारास भिकाबाईनं डोळे उघडून त्याच्याकडे बघितलं, आणि त्यानं सांगून टाकलं. गोरमाटीत, तांड्याच्या बोलीत, म्हणजे शेजारच्या पलंगाला कळायला नको. पट्ट्याला तेल मीच लावत होतो म्हणून. दर खेपेला.

भिकाबाईनं त्याच्या तेलकट हातांकडे बघितलं. मग म्हणाली, "म्हंजे करडईचा डबा तुमी संपवून राहिले हुते! मी सुनंला बोल बोल बोलले. मला वाटलं माज्यामागं भजे तळून राहिली."

रामसिंगला हसू आलं आणि रडूही आलं, आणि दोन्ही एकाच मिशीत मावेना. पण पुढची फेरी शुक्रवारी होती. मोटार अर्धापूरच्या अलीकडे, वाकलेल्या झडपा पोटात घेऊन उभी. जळबा रात्रंदिवस खपला तरी शुक्रवारपर्यंत ती हलणार नव्हती. आणि आणखी एक फेरी चुकली तर काय, हे दुपारी त्यानं ऐकलेलं होतं.

तो पळत खाली गेला. सोनाजी केळी उतरवून गेटपाशी थांबलाच होता.

"सोनाजी, शुक्रवारी येतो का?"

"शुक्रवारी केळी न्हाईत, मामा. हळद हाय. पोती. केबिनमध्ये व्यापारी बसतो."

"व्यापाऱ्याला मी मागं घेऊन बसतो. त्याच्या पाया पडतो. पोती मी उतरवतो."

सोनाजी डोकं खाजवत राहिला. "पहाटं निघावं लागंल बरं. तांड्याच्या वळणावर उभं राहा. थांबायला वेळ न्हाई मला."

"उभे राहतो. आदल्या दिवशीपासून उभे राहतो."

रामसिंग वर आला आणि बायकोला म्हणाला, शुक्रवारची सोय झाली, हळदीच्या टेम्पोतून. भिकाबाईनं डोळे मिटूनच विचारलं, "परतीला काय हाय?"

परतीचं रामसिंगनं विचारलंच नव्हतं. तो पुन्हा जिन्याकडे पळाला.