वल्हं वर होईपर्यंत

माझ्या मुलीने पाण्यावरचं काम सोडलं, त्याला आठ महिने झाले. आता ती बसचे पास काढून देणाऱ्या खिडकीत बसते. ओळखीचे लोक अजून विचारतात, ती खाडीवाली तुमचीच ना? मी हो म्हणते. ती खाडीवाली कशी होती, ते एकदा नीट लिहायचं आहे, कारण घरात आता त्या विषयावर कुणीच बोलत नाही.

तिचं काम नातेवाइकांना समजावून सांगता सांगता माझी जीभ झिजली होती. हवा भरलेली लांबलचक रुंद फळी असते, तिला पॅडलबोर्ड म्हणतात. तिच्यावर उभं राहायचं आणि माणसाच्या उंचीपेक्षा लांब वल्ह्याने पाणी मागे सारत पुढे जायचं. एका वेळी सहा माणसं घेऊन ती खाडीत अडीच तास हिंडायची. खारफुटीची मुळं दाखवायची, पक्षी, खेकडे दाखवायची, आणि मग काठावर काम करणाऱ्या माणसांकडे न्यायची. तिच्या बाबांनी याची सोपी व्याख्या करून टाकली होती. माणूस बुडू नये म्हणून कुणीतरी डोकं लढवून बोट शोधली आणि आपली लेक लोकांना बोटीतून उतरवून फळीवर उभं करते.

तिने वनस्पतिशास्त्रात पदवी घेतली तेव्हा मला वाटलं होतं, ही कुठल्यातरी प्रयोगशाळेत पांढरा कोट घालून बसेल. ती बसली खाडीच्या काठच्या पत्र्याच्या शेडमध्ये, पंप मारत. सकाळी चहा घेताना तिच्यापुढे भरती-ओहोटीचं वेळापत्रक असायचं. वाऱ्याची दिशा बघितल्याशिवाय ती अंघोळीलाही जायची नाही. जमिनीवरून समुद्राकडे वारा असला की काठाजवळचं पाणी तुकतुकीत शांत दिसतं, लोक म्हणतात वा, आज किती छान, आणि त्याच दिवशी ती फेरी रद्द करायची, कारण तो वारा फळ्यांना समुद्राकडे ढकलत नेतो. पाणी गुळगुळीत असलं की जास्त भीती वाटते, असं ती म्हणायची. मला तर ते कसंही असलं तरी भीतीच वाटायची. मी दर तासाला मेसेज करायचे, पोहोचलीस का, निघालीस का. उत्तर म्हणून ती एक टिंब पाठवायची. टिंब म्हणजे जिवंत आहे, असं आमचं ठरलं होतं.

एकदाच मी काठावर बसून तिची अख्खी फेरी पाहिली. आधी तिने सगळ्यांना गुडघ्यांवर बसवलं, मग एकेकाला उभं केलं. पायांकडे बघू नका, पायांकडे बघितलं की पायांना संशय येतो, लांबच्या झाडाकडे बघा, असं ती सांगत होती. जो माणूस सारखे विनोद करतो तोच सगळ्यात घाबरलेला असतो, हे तिने मला नंतर सांगितलं. तशा माणसाला ती आपल्या शेजारी ठेवायची. सहाही जण उभे राहिले तेव्हा ती सर्वांच्या पुढे निघाली. पाठ ताठ, हात सैल. घरात एक कप विसळताना दोनदा आपटणारी ही मुलगी पाण्यावर इतकी शांत असते, हे मला त्या दिवशी कळलं. तसं तिला सांगायला हवं होतं. मी विचारलं, टोपी का नव्हती घातलीस?

खाडीच्या वळणावर होड्या बांधणारे एक म्हातारे सुतार आहेत. तिने पहिल्यांदा विचारलं तेव्हा ते म्हणाले, मला कुठं बोलता येतं, लाकूड दाखवीन फार तर. नंतर त्यांना थांबवायलाच तिला दहा मिनिटं राखून ठेवावी लागायची. होडीच्या फासळ्यांना बाक कसा देतात, कुठलं लाकूड पाण्यात फुगतं, कुठलं रुसतं, हे ते सांगायचे आणि पाहुण्यांना फळीवर हात फिरवायला लावायचे. निघताना दर वेळी तिला तेच ऐकवायचे, "आम्ही जन्मभर बसून वल्हवलं पोरी, तुम्हाला बसायला काय होतं?" पुढे दगडी पायऱ्यांवर दोन जावा जाळी दुरुस्त करत असायच्या. त्या पाहुण्यांना गाठ शिकवायच्या आणि त्यांची बोटं अडकली की एकमेकींकडे बघून खुदुखुदु हसायच्या. मुलीने त्या सगळ्यांना गोड बोलून, दारात ठाण मांडून, आपल्या वाटेवर आणलं होतं. लोक खाडी बघायला येतात आणि माणसं बघून जातात, असं ती म्हणायची तेव्हा तिच्या चेहऱ्यावरून नजर हलू नये असं वाटायचं.

शेवटचा थांबा मात्र पूर्णपणे तिच्या डोक्यातून निघालेला. खाडीच्या मुखाशी वाळूची एक पट्टी ओहोटीला उघडी पडते. तिथे लांब पायांचे शेकडो पक्षी चरायला उतरतात. तिथं पोहोचलं की ती सगळ्यांना फळीवर बसवायची, वल्ही मांडीवर आडवी ठेवायला सांगायची, आणि मी माझं वल्हं वर करेपर्यंत कुणी बोलायचं नाही, एवढंच म्हणायची. दहा मिनिटं. कुणी कुणाकडे वळून बघायचं नाही, कुणाला हाक मारायची नाही. माणसं गप्प राहिली की पक्षी अगदी हाताच्या अंतरावर यायचे. ही कल्पना तुला सुचली कशी, असं मी विचारलं तर म्हणाली, तुझ्या घरात वाढले ना, म्हणून. त्या दहा मिनिटांत कितीतरी लोक रडतात, असं तिने सांगितलं होतं. का रडतात ते तिने कधी विचारलं नाही. रडणाऱ्याला हलवायचं नाही, त्याचं होईपर्यंत वल्हं वर करायचं नाही, हा तिने स्वतःला घालून घेतलेला नियम होता.

ज्या दिवसाबद्दल घरात कुणी बोलत नाही, त्या दिवशी सहा जणांत निवृत्त झालेले एक भूगोलाचे शिक्षक होते. बायकोने त्यांना ही फेरी वाढदिवसाला भेट दिली होती. तिला स्वतःला पाण्याची भीती, म्हणून ती त्यांचे बूट आणि चष्म्याचं घर मांडीवर घेऊन काठावरच्या बाकावर बसली. शिक्षकांनी आरोग्याच्या अर्जावर सगळीकडे 'नाही' लिहिलं होतं. गुडघ्यांवरून उठताना ते दोनदा पडले, तिसऱ्यांदा उभे राहिले आणि काठाकडे बघून त्यांनी वल्हं काठीसारखं उगारलं, वर्गात पोरांना उगारत असतील तसं. सुतारकाकांकडे त्यांनीच सगळ्यात जास्त प्रश्न विचारले.

वाळूपाशी सगळे बसले. पक्षी जवळ आले. तिने एकदा सगळ्यांवरून नजर फिरवली. शिक्षक मांडी घालून बसले होते, हनुवटी छातीला टेकलेली, हात वल्ह्यावर. तिला वाटलं, ते रडत आहेत. दहा मिनिटं झाली. तिने पुन्हा पाहिलं, ते तसेच होते. ती थांबली. त्यांच्यासाठी म्हणून आणखी पाच मिनिटं थांबली. मग भरती चढून वाळूची कड बुडाली आणि पक्षी एकदम उठले. पाच माणसांनी मान वर करून पाहिलं. एकाने केली नाही.

तिने त्यांना वाळूवर ओढून घेतलं. बाकीच्यांना फळ्या धरून उभं केलं, फोन केला, आणि बचावाची बोट येईपर्यंत वीस मिनिटं त्यांची छाती दाबत राहिली. पाणी चढत तिच्या टेकलेल्या गुडघ्यांना लागलं होतं. हे मला तिने नव्हे, त्या फेरीतल्या एका बाईंनी सांगितलं.

चौकशी झाली. जॅकेटं, दोऱ्या, अर्ज, वाऱ्याच्या नोंदी, सगळं जिथल्या तिथे होतं. तिच्याकडे बोट दाखवावं असं कुणालाच काही सापडलं नाही. हृदय बंद पडलं होतं, ते घरी सोफ्यावरही पडलं असतं, असं डॉक्टर म्हणाले. पण तिने त्यांना एकच विचारलं, मला लगेच कळलं असतं तर? ते प्रामाणिक गृहस्थ होते. सांगता येत नाही, असं म्हणाले. त्या तीन शब्दांच्या पलीकडे ती अजून गेलेली नाही.

घरी आली तेव्हा दुपार होती. स्वयंपाकघरात ओट्याला टेकून उभी राहिली. केसांत वाळू तशीच. मी पाणी दिलं, ते तिने हातात धरलं, प्यायली नाही. मग म्हणाली, "आई, मी बघत होते त्यांच्याकडे. दोनदा बघितलं. माझं चुकलं का गं?"

इतक्या वर्षांत तिने मला विचारलेला हा पहिला खरा प्रश्न होता. लहानपणीसुद्धा ती विचारायची नाही, करून मोकळी व्हायची. आणि मी म्हणाले, "मी तुला पहिल्या दिवसापासून सांगत होते, हे पाण्याचं काम नको म्हणून."

माझ्या मनात भीती होती, राग नव्हता. उद्या हिलाच काही झालं असतं तर, एवढंच डोक्यात घोंघावत होतं. पण तोंडातून निघालं ते हे. तिने मान हलवली, जणू मी तिला बाजारातून काय आणायचं ते सांगितलं. पेला ओट्यावर ठेवला आणि आत गेली. तिच्या बाबांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी पातेल्यावरचं झाकण उगाच काढून पुन्हा ठेवलं.

तीन आठवड्यांनी त्या शिक्षकांच्या पत्नी शेडवर आल्या. मुलगी म्हणाली, मला वाटलं आता त्या मला बोल लावतील, आणि लावावेत असंच वाटत होतं. त्यांनी फक्त फेरीत काय काय झालं ते पहिल्यापासून सांगायला लावलं. मुळं, खेकडे, सुतारकाका काय म्हणाले, हे काय म्हणाले, पक्षी किती जवळ आले. तिने सगळं सांगितलं, ती पाच मिनिटंही सांगितली. बाईंनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "थांबलीस ते बरं केलंस. त्यांना कुणी मधेच उठवलेलं कधी खपायचं नाही. चाळीस वर्षं मीच बोलणी खाल्ली आहेत." आणि हसल्या, आणि हसता हसता त्यांना रडू फुटलं.

हे मला मुलीने जेवताना सांगितलं, बातम्या सांगाव्यात तसं. मी विचारलं, मग तुला बरं वाटलं का? ती म्हणाली, त्या चांगल्या आहेत गं, त्यांना माझी दया आली. मला तेव्हा कळून चुकलं. ज्या बाईचा नवरा गेला तिने दिलेलं उत्तर हिला खरं वाटत नव्हतं, कारण त्याच्या आधी मी उत्तर देऊन बसले होते. परकी बाई गोड बोलते, आई खरं बोलते, असा हिचा हिशोब.

महिन्याभरात तिने फळ्या सोबत काम करणाऱ्या एका मुलीच्या स्वाधीन केल्या आणि खिडकीतली नोकरी धरली. नऊला जाते, सहाला येते. अंगाला उन्हाचा रंग राहिलेला नाही. सुतारकाका दोनदा घरी येऊन गेले. मी चहा केला, ती आतल्या खोलीतून बाहेर आली नाही. काका जाताना दारात म्हणाले, पोरीला सांगा, उभी राहून ये, काही बोलणार नाही. मी बारा वर्षं देवाकडे मागत होते की हिला छपराखालचं काम मिळू दे. मिळालं. आता तिने चप्पल सरकवून दाराबाहेर पाऊल टाकलं की मी खिडकीतून बघते, आणि ती बसथांब्याकडे न वळता खाडीकडे वळावी म्हणून जीव गोळा होतो. ती वळत नाही.

गेल्या रविवारी मी धीर केला. ती कपड्यांच्या घड्या घालत होती. मी शेजारी बसून दोन घड्या घातल्या आणि म्हणाले, तू परत जा कामावर. ती म्हणाली, "आता ऐकलं ना तुझं, आई. मग?" आवाजात टोमणा असता तर मी भांडले असते. टोमणा नव्हता.

मी म्हणाले, तुझं काही चुकलं नव्हतं. मी तेव्हाच सांगायला हवं होतं.

तिने हातातल्या टॉवेलची चारी कोपरे जुळवून घडी केली, ढिगावर ठेवली. "बरं," म्हणाली. खिडकी बंद झाल्यावर अर्ज घेऊन आलेल्या माणसाशी ती कशी बोलत असेल, ते मला त्या एका शब्दात ऐकू आलं. मग तिने विचारलं, बाबांचे मोजे यात नाहीत, दोरीवरच राहिलेत का, आणि ते आणायला ती उठून गेली.