लवणाईसमोर जोडलेले हात

माझ्या मुलीने सहावीत असताना एक देवी तयार केली. देवीच्या आधी तिने अख्खी दुनियाच रचली होती: बोलणारे खेकडे, समुद्राखालून जाणारे रस्ते आणि क्षितिजापर्यंत पसरलेली मिठागरं. त्या मिठागरांवर लवणाईचं राज्य होतं. लवणाईचं अंग स्फटिकाचं, आरपार दिसणारं. तिच्यासमोर जो खोटं बोलेल तो पाण्यात मीठ विरघळावं तसा विरघळून जायचा.

या खेळात तिचे भिडू होते तिचे आजोबा, म्हणजे माझे वडील. आई गेल्यापासून ते आमच्याकडे कामोठ्याला राहत होते. त्यांचं लहानपण उरणच्या बाजूला खाडीकाठी गेलेलं. त्यांचे वडील मिठागरावर कामाला होते. पण नोकरी मुंबईत बँकेत झाल्यामुळे त्यांचं बोलणं अगदी शहरी. नातीला लागेल ती माहिती ते पुरवायचे. एकदा म्हणाले, "मीठ धरायला लागलं की पाणी हलवायचं नाही, नाहीतर खडा नीट बनत नाही." तिने लगेच कायदा केला, लवणाईच्या शेतात शिरलेल्याने हलायचं नाही. मग लवणाई होऊन ती खालच्या, संथ आवाजात दरडावायची आणि तिचे आबा सोफ्यावर पुतळ्यासारखे बसायचे.

त्या वर्षी ऑक्टोबर फार तापला. डॉक्टरांनी वडिलांची ब्लडप्रेशरची गोळी बदलली होती आणि मीठ कमी करायला सांगितलं होतं. वडिलांना अर्धवट काही जमतच नाही. त्यांनी मीठ पूर्ण सोडलं, आणि उकडतं म्हणून दिवसभर बाटल्याच्या बाटल्या पाणी पीत राहिले.

एका सकाळी ते बेसिनसमोर ब्रश हातात धरून नुसते उभे होते. मी हाक मारली तर वळून म्हणाले, "बांध फुटला. खारीचं पानी आत आलंय. कोनी बगत नाय काय?"

खाडीकाठचं हे बोलणं मी त्यांच्या तोंडून जन्मात ऐकलं नव्हतं. मला वाटलं, गंमत करतायत. पण डोळे माझ्यावर ठरत नव्हते.

"अर्धांगाचा झटका असेल," नवरा हळूच म्हणाला आणि गाडी काढायला धावला. हायवेवर पुलाच्या तोंडाशी सगळं अडकलेलं. मागच्या सीटवर मी त्यांचे दोन्ही हात धरून बसले होते. "पप्पा, माझा हात दाबा बरं." ते दाबत होते, पण मी कोण ते त्यांना कळत नव्हतं.

हॉस्पिटलमध्ये रक्ताचा रिपोर्ट आला तेव्हा डॉक्टर म्हणाल्या, "झटका नाही. सोडियम फार खाली गेलंय. मीठच संपत आलंय म्हणा ना शरीरातलं."

"मग द्या ना पटकन."

"पटकन देता येत नाही. एकदम वाढलं तर मेंदूला धोका. थेंब थेंबच द्यावं लागेल. आणि त्यांनी शांत पडून राहायला हवं."

तेच होत नव्हतं. वडील सलाईनची सुई उपटून टाकत होते. चादरीवर रक्ताचे डाग पडले होते. दुपारी सिस्टर म्हणाली, "मॅडम, आता हात बांधावे लागतील." तिचं काही चुकत नव्हतं, तरी मी म्हटलं, "थोडं थांबा."

तेवढ्यात शेजारच्या काकू मुलीला शाळेतून थेट घेऊन आल्या. तिने दारातूनच सगळं ऐकलं. "मी बोलू आबांशी?" डॉक्टरांनी पाच मिनिटांची परवानगी दिली.

"आबा, हात नका ना हलवू."

त्यांनी तिच्याकडे पाहिलं. "ही कोनाची पोर?"

मी तिला मागे घेणार, एवढ्यात तिने पलंगाचा कठडा धरला आणि लवणाईचा तो आवाज काढला. "माझ्या शेतात कोण हलतंय?"

वडील थिजले. मग सुईसकट हात उचलून त्यांनी तिला हात जोडले. "आई, मी खोटं नाय बोललो. मला इरघळवू नको."

तो खेळ नव्हता. ते खरोखर घाबरले होते. मुलीने माझ्याकडे वळून पाहिलं.

"तू खरं बोललास," ती म्हणाली. "तुला काही होणार नाही. पण मीठ धरतंय. पाणी हलवायचं नाही."

त्यांनी हात हळूहळू खाली ठेवले. सिस्टरने चटकन सुई नीट करून पट्टी चिकटवली. पाच मिनिटं होऊन गेली तरी तिला कोणी बाहेर काढलं नाही. वडील चुळबुळले की ती तेवढंच म्हणायची, "हलायचं नाही." संध्याकाळपर्यंत ते झोपले.

लिफ्टपाशी आल्यावर ती हमसून रडली. "आई, मी त्यांना सांगितलं, काही होणार नाही. मला काय माहिती? मी खोटं बोलले असेन तर?"

मी तिला जवळ घेतलं.

सोडियम हळूहळू चढत गेलं. आम्ही आळीपाळीने बाहेरच्या खुर्च्यांवर बसायचो. दार उघडलं की उठून उभे राहायचो. मग एका सकाळी वडिलांनी नेहमीच्या शहरी भाषेत सिस्टरला विचारलं, "इथे पेपर मिळतो का?" मी धावत खाली जाऊन पेपर आणला.

त्यांना मधलं काहीच आठवत नव्हतं. घरी आल्यावर मुलगी त्यांच्या खोलीत जाईना. "माझ्यावर रागावली आहे का?" ते मला विचारायचे. "ती सांगेल तुम्हाला," मी म्हणायचे. ते सांगणं तिचं होतं.

एका संध्याकाळी गॅलरीत तिने स्वतःच सगळं सांगितलं.

"मी तुला ओळखलं नाही?"

"नाही. पाया पडत होतात माझ्या. मला नाही आवडलं ते."

"घाबरलीस?"

"खूप."

"आणि तरी तिथे उभी राहिलीस."

"बसले होते. सिस्टरनी स्टूल दिलं होतं."

वडिलांना हसू फुटलं, आणि हसता हसता डोळे भरून आले. ती सरकून त्यांच्या खुर्चीला टेकली.

लवणाईची गोष्ट तिने पुढे वाढवली नाही. सध्या दोघं संध्याकाळी बुद्धिबळ मांडतात, आणि हरलं की दोघंही सारखीच चिडतात.